अलकाची पाळत

'गाभ्रीचा पाऊस' (2009) म्हणजे विदर्भाच्या दुःखाचं परदेशात मांडलेलं दुकान, असं यवतमाळच्या टपरीवर आणि पुण्याच्या चर्चासत्रात सारख्याच खात्रीनं बोललं जातं. पुरावा काय, तर चित्रपट रॉटरडॅमच्या महोत्सवात गेला. हा राग मला समजतो. ज्या घरातला शेतकरी आत्महत्येनं गेला, त्या घराला पडद्यावर पुन्हा तेच नको असतं. पण आरोप लेखकावर असेल, तर त्यानं लिहिलं काय ते तपासायला हवं.

चित्रपटाचे लेखक-दिग्दर्शक सतीश मनवर यांनी मरण रंगवायला घेतलेलंच नाही. शेजारचा शेतकरी आत्महत्या करतो आणि अलका धास्तावते. आपल्या नवऱ्यावर, किसनावर, ती पाळत ठेवते. लहानग्या दिनूला बापाच्या मागं लावते, सासूलाही कामाला जुंपते. किसनाच्या डोक्यात मात्र पेरणी आहे. त्याला मरायचं नाही, पाऊस हवाय. बायकोची भीती आणि नवऱ्याची आशा एकमेकींना चुकत राहतात, त्यातून प्रसंग घडतात, आणि त्यांतले कितीतरी हसवतात. दुःखाचा धंदा करणाऱ्याला हे हसू परवडलं नसतं. शिवाय 'गाभ्रीचा' ही अस्सल वऱ्हाडी शिवी. परदेशासाठी लिहिणारा माणूस ती शीर्षकात कशाला घालेल?

बदनामीचा हा आरोप जुनाच आहे. 1952 मध्ये इटलीतले सत्ताधारी नेते जुलिओ आंद्रेओत्ती यांनी 'उंबेर्तो डी' या चित्रपटाबद्दल दिग्दर्शक दे सिका यांना जाहीरपणे सुनावलं होतं, की अशा चित्रांनी देशाची सेवा होत नाही. ती पटकथा चेझारे झावात्तिनींची होती. आज इटली त्याच चित्रपटाचा अभिमान बाळगते.

इकडं विदर्भात, शेतकरी आत्महत्यांमुळं, 1 जुलै 2006 रोजी पंतप्रधानांनी यवतमाळसह सहा जिल्ह्यांसाठी 3,750 कोटींचं पॅकेज जाहीर केलं. पुढंही सरकारी कागदांवर आत्महत्या मदतीला 'पात्र' की 'अपात्र' एवढंच ठरत राहिलं. मनवरांच्या कागदावर शेतकरी जिवंतपणी पात्र झाला. त्यांच्या 'तुह्या धर्म कोंचा?'ला (2013) सामाजिक विषयासाठीचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, तरी पटकथाकार म्हणून त्यांचं नाव आपल्याकडं क्वचितच निघतं, याचं मला वाईट वाटतं.

पेरणी मोडली की आमच्याकडच्या बाया फवारणीच्या औषधाचा डबा गुपचूप हलवतात, पोराला वावरात धाडताना सांगतात, "बाबाच्या मांगंच राह्यजो." बातमीत ही बाई येते ती विधवा झाल्यावर, धनादेश घेताना. ती त्याआधी काय काय करते, हे मनवरांनी लिहिलं.