सई परांजपे आणि 'दिशा'तली विहीर

सई परांजपे यांचे नाव निघाले की चर्चा 'चश्मे बद्दूर' (१९८१) पाशी येऊन थांबते, आणि 'हलकेफुलके' हे विशेषण लावून संपते. या विशेषणाबद्दलच आमची तक्रार आहे.

पुणे आकाशवाणी, दिल्लीचे राष्ट्रीय नाट्य विद्यालय, मग दूरदर्शन आणि बालचित्रपट असा हा प्रवास. 'जादू का शंख' (१९७४), 'सिकंदर' (१९७६) यांनंतर १९८० साली 'स्पर्श' आला. 'अडोस पडोस' ही मालिका मात्र 'कथा' (१९८३) नंतरची. म्हणजे छोटा पडदा ही त्यांच्या लेखी मोठ्या पडद्याकडे जाण्याची पायरी नव्हती. घरात बसलेल्या प्रेक्षकाशी शेजाऱ्यासारखे बोलण्याची जी रीत तेथे लागते, ती त्यांनी चित्रपटातही सोडली नाही. 'स्पर्श'मधील अंध मुख्याध्यापक दयेचा विषय होत नाही. त्याचा अहंकारही आपल्याला दिसतो. विनोद आणि समभाव यांचा येथे एकच उगम आहे.

या रीतीची खरी परीक्षा 'दिशा' (१९९०) मध्ये झाली, असे आम्हांस वाटते. गाव कोरडे आहे. एक जण मुंबईच्या गिरणीत जातो, माणसांनी खच्चून भरलेल्या खोलीत पथारी टाकतो. दुसरा वर्षानुवर्षे एकच विहीर खणत राहतो. गाव त्याला हसते, आपणही हसतो. पण ते हसू त्याला लहान करत नाही.

फुलसावंगीसारख्या गावातून, यवतमाळ जिल्ह्याच्या कापूसपट्ट्यातून येणाऱ्या विद्यार्थ्यांना शिकवणाऱ्यांनी हा चित्रपट का पाहावा, याचे उत्तर येथे आहे. ग्रामीण साहित्य शिकवताना आपण नकळत एक साचा त्यांच्या हाती देतो: दुष्काळ, कर्ज, मरण. हे सारे खरेच आहे. परंतु त्या साच्यात शेतकऱ्याला हट्ट नसतो, विक्षिप्तपणा नसतो, त्याची थट्टा करणारी बायको नसते. मग विद्यार्थीही कथा लिहिताना आपल्याच बापाला केवळ बळी म्हणून रंगवतो. त्याच्या घरातली रात्रीची हसाहशी कथेबाहेरच राहते.

शेवटी विहिरीला पाणी लागते, हा दिलासा सोपा आहे, असा आक्षेप कोणी घेईल. आक्षेप रास्त आहे. आमच्याकडच्या अनेक विहिरी कोरड्याच राहिल्या. पण चित्रपटाचे मोल त्या पाण्यावर अवलंबून नाही. पाणी लागण्याआधीची सारी वर्षे दिग्दर्शिका त्या माणसाकडे न कंटाळता पाहत राहते, यात ते आहे.

सई परांजपे यांना २००६ साली पद्मभूषण मिळाले. सन्मानाची उणीव नाही. उणीव आहे ती वाचनाची. मराठी नाटक लिहिणाऱ्या या लेखिकेच्या हिंदी पटकथा मराठीच्या वर्गात वाचल्या जाव्यात. 'कथा'चे मूळ तर मराठी नाटकातच आहे. हलके लिहिणे आणि हलक्याने घेणे यांतला फरक विद्यार्थ्यांना कळायचा असेल, तर याहून चांगला पाठ आम्हांस तरी सुचत नाही.