किरणांची वहिवाट

काळाला थोपवून धरणाऱ्या किंवा त्याला हवे तसे वळण देणाऱ्या वास्तू रचणे हाच ज्याचा पेशा आहे, असा स्थपती अद्भुतकथांत पुष्कळदा भेटतो. परंतु त्याला सर्वस्वी कल्पनेच्या हवाली करण्यापूर्वी कोल्हापूरच्या महालक्ष्मीचे देऊळ एकवार नीट पाहावे, कारण ज्या अज्ञात पुरुषाने त्याची आखणी केली त्याला दगडाइतकाच काळही वश होता, असे मला मनापासून वाटते.

दरसाल ९, १० व ११ नोव्हेंबरला आणि पुन्हा ३१ जानेवारी, १ व २ फेब्रुवारीला मावळत्या सूर्याचे किरण महाद्वारातून आत येतात, गरुडमंडप आणि कासव चौक ओलांडून पितळी उंबऱ्याला, मग चांदीच्या उंबरठ्याला स्पर्श करतात. आणि सूर्य जसजसा खाली उतरतो तसतसा प्रकाशाचा तो पट्टा वर चढत पहिल्या दिवशी देवीच्या चरणांपर्यंत, दुसऱ्या दिवशी वक्षापर्यंत व तिसऱ्या दिवशी मुखापर्यंत पोहोचावा, अशी परंपरेची साक्ष आहे. हे दोन्ही कालखंड दक्षिणायनाच्या समाप्तीपासून सारख्याच अंतरावर, सुमारे सहा आठवडे अलीकडे व पलीकडे आहेत, म्हणून दोन्ही वेळी सूर्य क्षितिजाच्या त्याच बिंदूशी, नेमक्या पश्चिमेच्या काहीसा दक्षिणेस, अस्ताला जातो. असा बिंदू हेरण्याची विद्या आपल्याकडे जुनी आहे; शंकू रोवून त्याच्या छायेवरून दिशा निश्चित करण्याचा विधी आपल्या वास्तुग्रंथांत आहेच. आणि जयपूरला सवाई जयसिंहांनी उभारलेल्या सुमारे २७ मीटर उंचीच्या सम्राट यंत्र या छायाघड्याळावर छाया सेकंदाला जवळजवळ एक मिलिमीटर सरकताना आजही डोळ्यांनी दिसते. जयपूरचे यंत्र काळ मोजते. कोल्हापूरच्या स्थपतीने वर्षातील काही मोजक्या संध्याकाळी निवडून त्यांना गाभाऱ्यापर्यंत वाट करून दिली, आणि हे काम मला अधिक धाडसाचे वाटते.

ती वाट आता अडली आहे. ढग आणि धूलिकण यांच्यापुढे कोणाचा इलाज चालत नाही, आणि किरण कधी कमरेपाशी, कधी गुडघ्यापाशी लुप्त झाले की ढगांकडे व धुळीकडे बोट दाखविणे सोपे असते. परंतु महाद्वारापासून पश्चिमेकडे रंकाळा तलावाच्या दिशेने वाढलेले मजले, गच्चीवरच्या टाक्या आणि फलक यांचा हिशेब निसर्गाच्या खाती मांडता येणार नाही. गणित साधे आहे. महाद्वारापासून ३०० मीटरवरील इमारतीने किरणांच्या रेषेत ३ मीटरचा एक मजला चढविला, तर देवळापुरता सूर्यास्त सुमारे अडीच मिनिटे आधी होतो. आणि प्रकाशाचा पट्टा चढण्याचा सारा सोहळाच काही मिनिटांचा असल्याने ती अडीच मिनिटे नेमकी कमरेपासून मुखापर्यंतची असतात. त्या मजल्याचा नकाशा ज्याने काढला, ज्याने तपासला आणि ज्याने त्यावर मंजुरीचा शिक्का उठविला, त्या तिघांनीही काळात फेरफार केला, फक्त तशी नोंद कोणत्याही दप्तरात झाली नाही.

आपल्या कायद्याला हा विचार परका नाही. १८८२ च्या सुविधाधिकार अधिनियमाप्रमाणे एखाद्या घराच्या खिडकीतून २० वर्षे निर्वेध उजेड येत राहिला, तर त्या उजेडावर घरमालकाचा हक्क बसतो व शेजाऱ्याला भिंत घालून तो सहजी बुडविता येत नाही. सामान्य गृहस्थाच्या खिडकीला जी वहिवाट २० वर्षांत प्राप्त होते, ती पिढ्यान्‌पिढ्या लाखो लोक ज्याच्या दर्शनाला उभे राहत आले त्या प्रकाशाच्या बाबतीत आपण इतकी सैल का सोडावी, याचे समाधानकारक उत्तर मला सापडत नाही. अतिक्रमणे हटविण्याच्या मोहिमा उत्सव तोंडावर आला म्हणजे आठवतात; त्या उपयोगी असल्या तरी एकदा उठलेला मजला उतरविण्यापेक्षा तो उठूच न देणे सर्वांनाच, घरमालकालासुद्धा, कमी खर्चाचे आहे.

म्हणून तजवीज अशी व्हावी की किरणांच्या मार्गाची रुंदी आणि प्रत्येक ठिकाणची उंचीची मर्यादा रीतसर मोजणी करून शहराच्या नकाशावर कायमची दाखविली जावी, त्या पट्ट्यातील प्रत्येक परवान्याच्या अर्जासोबत त्या सहा दिवसांच्या सूर्यास्ताचा छायालेख जोडणे सक्तीचे असावे, ज्यांच्या बांधकामाच्या हक्काला त्यामुळे मुरड पडेल त्यांना सार्वजनिक निधीतून वाजवी मोबदला मिळावा, आणि हा छायालेख तपासण्यासाठी खगोलगणित जाणणारा एक स्थपती नगररचनेच्या दप्तरात कायम पगारी नेमला जावा.