पाहुणे वाढले, यजमान घटले

डिसेंबर २०२५च्या पहिल्या आठवड्यात देशातील प्रमुख विमानतळांवर जे दृश्य दिसले, ते सहजासहजी विस्मरणात जाणारे नाही. सामानाचे ढीग, उड्डाणफलकावर एकाखाली एक झळकणारा ‘रद्द’ हा शब्द आणि काउंटरपलीकडच्या तरुण कर्मचाऱ्यांवर संताप काढणारे प्रवासी! देशांतर्गत विमान वाहतुकीचा साठ टक्क्यांहून अधिक हिस्सा सांभाळणाऱ्या ‘इंडिगो’ने ५ डिसेंबर या एकाच दिवशी हजाराहून अधिक उड्डाणे रद्द केली. विमाने उभी होती, तिकिटे विकली गेली होती. कमतरता होती ती आखलेल्या वेळापत्रकाला पुरतील इतक्या वैमानिकांची.

या गोंधळाचे तात्कालिक कारण सर्वज्ञात आहे. वैमानिकांच्या कामाच्या व विश्रांतीच्या वेळांसंबंधीचे नवे नियम नागरी विमान वाहतूक महासंचालनालयाने जानेवारी २०२४मध्येच जाहीर केले होते. आठवड्याची सलग विश्रांती ३६ तासांवरून ४८ तासांवर नेणे आणि रात्रीच्या लँडिंगची मर्यादा सहावरून दोनवर आणणे, हा त्यांचा गाभा. अंमलबजावणी लांबत गेली, प्रकरण दिल्ली उच्च न्यायालयात गेले आणि अखेर जुलै व नोव्हेंबर २०२५ अशा दोन टप्प्यांत नियम लागू झाले. म्हणजे तयारीसाठी जवळपास दोन वर्षे हाताशी होती. तरीही वेळ आली तेव्हा माणसे अपुरी पडली, आणि तोडगा काय निघाला, तर कंपनीला काही नियमांतून १० फेब्रुवारी २०२६पर्यंत सवलत! प्रवाशांची गैरसोय दूर करण्यासाठी वैमानिकांची विश्रांती गहाण पडली. पुढे जानेवारी २०२६मध्ये महासंचालनालयाने कंपनीला २२ कोटी २० लाख रुपयांचा दंड ठोठावला. साधनसामग्री आणि मनुष्यबळ यांचा अगदी काठोकाठ वापर करण्याचे धोरण अंगाशी आले, असाच चौकशीच्या निष्कर्षांचा मथितार्थ होता.

ऑगस्ट २०२३मध्ये नागपूर विमानतळावर पुण्याच्या उड्डाणासाठी निघालेला एक वैमानिक प्रवेशद्वाराशीच कोसळला आणि मरण पावला. त्या मृत्यूचा संबंध थकव्याशी जोडणे घाईचे ठरेल; परंतु वैमानिकांच्या थकव्याचा प्रश्न त्यानंतर पुन्हा ऐरणीवर आला, हे खरे. एकूण पर्यटन व प्रवास उद्योगाच्या मनुष्यबळविषयक दृष्टिकोनाचे प्रतिबिंब या सगळ्या घटनाक्रमात पडले आहे. हा उद्योग विकतो सेवा, आणि सेवा देतात माणसे. मात्र ताळेबंदात हीच माणसे सर्वात आधी कापता येणारा खर्च म्हणून गणली जातात.

आधी कपात, मग धावाधाव

या वृत्तीचा इतिहास जुना आहे. ऑक्टोबर २००८मध्ये जागतिक मंदीचे सावट पडताच ‘जेट एअरवेज’ने सुमारे एकोणीसशे कर्मचाऱ्यांना घरी बसवण्याचा निर्णय घेतला. गणवेशातील तरुण-तरुणी मुंबईत रस्त्यावर उतरल्या, राजकीय पक्षांनी हा प्रश्न उचलून धरला आणि दोन दिवसांत निर्णय फिरवावा लागला. पुढे एप्रिल २०१९मध्ये ती कंपनीच बंद पडली आणि सुमारे वीस हजार कर्मचाऱ्यांचे भवितव्य अधांतरी लोंबकळले. तत्पूर्वी २०१२मध्ये ‘किंगफिशर’, नंतर २०२३मध्ये ‘गो फर्स्ट’ यांनी तोच मार्ग धरला. २०१९मध्ये ‘कॉक्स अँड किंग्ज’ ही अठराव्या शतकापासूनचा वारसा सांगणारी पर्यटन कंपनी दिवाळखोरीत निघाली. त्याच वर्षी सप्टेंबरमध्ये ब्रिटनची ‘थॉमस कुक’ कोसळली. दरवेळी प्रवाशांच्या अडकलेल्या पैशांची चर्चा झाली; थकलेल्या पगारांची चर्चा मात्र लवकरच विरून गेली.

करोनाच्या साथीने या सगळ्यावर कळस चढवला. जागतिक प्रवास व पर्यटन परिषदेच्या आकडेवारीनुसार २०२० या एका वर्षात जगभरात या क्षेत्रातील ६ कोटी २० लाख रोजगार गेले. भारतात राष्ट्रीय उपयोजित आर्थिक संशोधन परिषदेने पर्यटन मंत्रालयासाठी केलेल्या पाहणीनुसार एप्रिल ते डिसेंबर २०२० या नऊ महिन्यांत पर्यटनाशी निगडित २ कोटी १५ लाख रोजगारांवर गदा आली. आकडा डोळ्यांसमोरून सरकून जातो. पण त्यात हॉटेलातला स्वयंपाकी, बसचा क्लीनर, लेणी दाखवणारा गाइड, घाटातल्या ढाब्यावरचा पोऱ्या असे सगळेच आले.

साथ ओसरल्यावर पर्यटक परतले, माणसे परतली नाहीत. २०२२च्या उन्हाळ्यात अॅमस्टरडॅमच्या शिफोल विमानतळावर सुरक्षा तपासणीच्या रांगा इमारतीबाहेर गेल्या. लंडनच्या हीथ्रो विमानतळाला दिवसाला एक लाख प्रवाशांची मर्यादा घालावी लागली. शिफोलने त्या उन्हाळ्यापुरती तासाला सव्वापाच युरोंची वेतनवाढ दिली. कपातीत वाचवलेला पैसा असा दामदुपटीने बाहेर पडतो. भारतातही २ जुलै २०२२ रोजी ‘इंडिगो’ची निम्म्याहून अधिक देशांतर्गत उड्डाणे उशिरा सुटली, कारण हवाई कर्मचारी मोठ्या संख्येने रजेवर होते. त्यांच्यापैकी अनेकजण टाटांकडे गेलेल्या ‘एअर इंडिया’च्या भरतीला गेल्याची चर्चा होती. २०२४मध्ये ‘विस्तारा’ व ‘एअर इंडिया एक्स्प्रेस’ यांच्या उड्डाणांचाही कर्मचाऱ्यांच्या नाराजीपायी असाच खोळंबा झाला. संघटनेचा आवाज क्षीण झालेल्या क्षेत्रात आजारपणाची रजा हेच निषेधाचे हत्यार बनले.

माणूस घडायला वेळ लागतो

विमान कर्जाने वा भाड्याने आणता येते, हॉटेलची इमारत दोन वर्षांत उभी राहते. अनुभवी माणूस मात्र त्या गतीने घडत नाही. व्यावसायिक वैमानिकाचा परवाना मिळवण्यासाठी किमान दोनशे तासांचे उड्डाण करावे लागते. बारामती किंवा गोंदियाच्या प्रशिक्षण संस्थेतून बाहेर पडलेला तरुण मुख्य वैमानिकाच्या आसनावर बसेपर्यंत कित्येक वर्षे उलटतात. मुख्य वैमानिकाला नोकरी सोडण्यापूर्वी एक वर्षाची आगाऊ सूचना देणे २०१७पासून बंधनकारक आहे. माणूस सहजी मिळत नाही याची ही सरकारदरबारी नोंदच म्हणायची. नाइलाज एवढाच की, ही जाणीव माणसाला धरून ठेवण्याच्या नियमात दिसते, त्याला सांभाळण्याच्या व्यवहारात दिसत नाही.

वेरूळ-अजिंठ्याच्या गाइडचीही हीच कथा. जातककथा, बौद्ध शिल्पपरंपरा आणि जपानीसारखी एखादी परभाषा, हे सारे आत्मसात करण्यात त्याच्या उमेदीची वर्षे जातात. पण त्याची कमाई रोजच्या पाहुण्यावर अवलंबून. मार्च २०२०मध्ये स्मारकांचे दरवाजे बंद झाले, तेव्हा त्याच्या हाती पगार नव्हता, भविष्य निर्वाह निधी नव्हता, रजाही नव्हती. अशा वेळी जो गाइड दुकान टाकतो वा रिक्षा चालवू लागतो, तो परतेलच असे नाही. आणि त्याच्याबरोबर वीस वर्षांचे ज्ञानही जाते.

हॉटेलांची स्थिती वेगळी नाही. मुंबईतील दादरची हॉटेल व्यवस्थापन संस्था १९५४पासून विद्यार्थी घडवते आहे. आता अशा संस्थांचे देशभर जाळे आहे. तरीही तेथून बाहेर पडणारे अनेक विद्यार्थी बँका, विक्री, ग्राहकसेवा अशा क्षेत्रांकडे वळतात. सकाळचे काही तास आणि पुन्हा रात्रीचे काही तास अशी ‘ब्रेक शिफ्ट’, सणासुदीला हमखास रद्द होणारी सुट्टी आणि त्यामानाने तुटपुंजा प्रारंभिक पगार, हे गणित त्यांना पटत नाही. गोव्यात तर ही विसंगती डोळ्यांत भरते. गोव्याचे तरुण पिढ्यान्‌पिढ्या बोटींवर, आखातात जातात, २०२०पर्यंत पोर्तुगीज पारपत्राच्या आधारे ब्रिटनमध्येही जात, आणि गोव्याच्या हॉटेलांतून ताटे वाढतात ते नेपाळ, ईशान्य भारत, ओडिशा, झारखंडमधून आलेले हात. स्थलांतरात गैर काही नाही. मात्र हंगाम संपताच घरी पाठवल्या जाणाऱ्या या माणसांच्या प्रशिक्षणावर खर्च करण्यास कोणी मालक धजावत नाही.

टूर मॅनेजरचा धडा

या पार्श्वभूमीवर मराठी पर्यटन व्यवसायाने घडवलेली एक व्यक्तिरेखा विचार करण्याजोगी आहे. ती म्हणजे टूर मॅनेजर. ‘केसरी’सारख्या संस्थांनी १९८०च्या दशकापासून मध्यमवर्गीय मराठी कुटुंबाला देशाबाहेर नेले, ते केवळ तिकिटे काढून देऊन नव्हे. आजोबांची गोळी, मुलांचा हट्ट, परदेशात वरणभाताची आठवण या साऱ्याची दखल घेणारा माणूस सोबत दिला म्हणून! २०१३मध्ये वीणा पाटील यांनी ‘केसरी’तून बाहेर पडून ‘वीणा वर्ल्ड’ स्थापन केली, तेव्हा जुन्या सहकाऱ्यांपैकी अनेकजण त्यांच्यासोबत गेले. नव्या संस्थेकडे स्वतःच्या इमारती वा विमाने नव्हती. जमेची बाजू होती ती माणसे. या धंद्यातले खरे भांडवल कोणते, याचे याहून स्पष्ट उत्तर शोधण्याची गरज नाही.

तंत्रज्ञानाच्या नव्या लाटेतही हेच उत्तर टिकणारे आहे. २००२मध्ये रेल्वेची तिकिटे संकेतस्थळावर मिळू लागली. २००८च्या सुमारास विमान कंपन्यांनी एजंटांचे कमिशन बंद केले आणि केवळ तिकीट फाडून देणाऱ्यांचा व्यवसाय आक्रसला. आता कृत्रिम बुद्धिमत्ता प्रवासाचा आराखडा क्षणात मांडते, चौकशीची उत्तरे देते. साहजिकच कारकुनी स्वरूपाची आणखी कामे जातील. पण दरड कोसळून रस्ता बंद झाल्यावर चाळीस माणसांची रात्रीची सोय लावणारा माणूस यंत्रात सापडत नाही. म्हणजे यापुढे कमी माणसे लागतील असे गृहीत धरण्यापेक्षा अधिक जाणकार माणसे लागतील, हे धरून चालणे शहाणपणाचे आहे.

घोषणांपलीकडे

शासनाला या क्षेत्राचे महत्त्व कळत नाही असे नाही. केंद्राने २००९-१०मध्ये ‘हुनर से रोजगार तक’ ही अल्पमुदतीच्या प्रशिक्षणाची योजना आणली. महाराष्ट्राने २०२३मध्ये महिलांसाठी ‘आई’ हे पर्यटन धोरण स्वीकारले. २०२४च्या राज्य पर्यटन धोरणात दहा वर्षांत एक लाख कोटी रुपयांची गुंतवणूक आणि १८ लाख रोजगार यांचे उद्दिष्ट आहे. प्रश्न संख्येचा नसून प्रतीचा आहे. हे १८ लाख रोजगार बारमाही असतील की चारमाही? त्यांत बढतीची शिडी असेल, की वेटर म्हणून लागलेला दहा वर्षांनीही वेटरच राहील?

उत्तराची दिशा दाखवणारी उदाहरणे जवळच आहेत. सिंधुदुर्ग हा १९९७मध्ये पर्यटन जिल्हा घोषित झाला. तेथे तारकर्लीला राज्य पर्यटन महामंडळाने स्कूबा डायव्हिंगचे प्रशिक्षण केंद्र उभारले. समुद्राची उपजत जाण असलेल्या किनाऱ्यावरच्या तरुणांना शास्त्रशुद्ध प्रशिक्षणाची जोड मिळाली, की गाव न सोडता उपजीविका उभी राहते. ‘निवास व न्याहारी’ योजनेत स्वतःच्या घरी पाहुणे ठेवणारी कोकणातील गृहिणी नोकर नसते, यजमान असते. म्हणूनच ती टिकते. पावसाळ्याच्या मंदीत प्रशिक्षण आणि हंगामात काम, असे चक्र मालकांनी एकत्र येऊन बसवले, तर हंगामी कामगारालाही वर्षभर धरून ठेवता येईल.

नोव्हेंबर २०२५पासून लागू झालेल्या कामगार संहितांनी ठरावीक मुदतीच्या कर्मचाऱ्याला एका वर्षानंतर ग्रॅच्युइटीचा हक्क दिला आहे, तसेच ॲपवरून टॅक्सी चालवणाऱ्यांना सामाजिक सुरक्षेच्या कक्षेत आणले आहे. ही तरतूद कागदावर राहते की चालक आणि वेटरपर्यंत पोहोचते, यावर पुष्कळ काही अवलंबून राहील. अर्थात याचा खर्च कोणाला तरी सोसावा लागेल. स्वस्त तिकीट आणि स्वस्त पॅकेज यांची चटक लागलेल्या ग्राहकानेही हे ध्यानात घ्यायला हवे. पुरेसे झोपलेला वैमानिक, दमलेला नसलेला घाटातला बसचालक या चैनीच्या बाबी नाहीत. त्यांच्या विश्रांतीची किंमत तिकिटात धरली नाही, तर ती कधीतरी विमानतळाच्या फरशीवर काढलेल्या रात्रीतून, आणि दुर्दैवाने प्रसंगी याहून भयंकर मार्गाने वसूल होते.

‘अतिथी देवो भव’ हे वचन पर्यटन खात्याच्या जाहिरातींतून वर्षानुवर्षे घरोघरी पोहोचले आहे. अतिथीला देव मानताना यजमानाला माणूस मानण्याचे राहून गेले आहे. पुढचा हंगाम येण्यापूर्वी ते साधले, तर विमानतळांवरचा तो डिसेंबर वाया गेला नाही असे म्हणता येईल.