फॉरमॅट मारण्याआधी

दुरुस्तीच्या दुकानात दिवसभर कानावर पडणारं एक वाक्य आहे, ‘मॅडम, फॉरमॅट मारून द्या.’ मशिन हळू चालतंय, फॉरमॅट मारा. प्रिंटर दाखवत नाही, फॉरमॅट मारा. कराडात मी कॉम्प्युटर दुरुस्तीचं काम करते आणि या वाक्याशी माझं जुनं वैर आहे. फॉरमॅटने मशिन चालू लागतं, दुकानदाराचे पैसेही सुटतात. पण बिघाड कशाने झाला हे कुणालाच कळत नाही, कारण बिघाडाच्या खुणाही त्यात पुसल्या जातात. थोड्या दिवसांनी तीच माणसं तेच मशिन घेऊन पुन्हा दारात उभी राहतात.

बिघाड पुसण्याऐवजी शोधायची सवय मला हल्ली सर्वांत ठळक दिसते ती ‘द सिम्स ४’ खेळणाऱ्या मुलांत, त्यातही मुलींत. खेळाचं नाव काढलं की पालकांच्या कपाळाला आठ्या पडतात, ते मी रोज पाहते. तरी माझं मत पक्कं आहे. या खेळात मॉड, म्हणजे खेळणाऱ्यांनीच बनवलेल्या जोड-फाइली, बसवणं आणि बिघडलेला मॉड हुडकून काढणं हे कॉम्प्युटरचं खरं शिक्षण आहे, आणि शाळेच्या कॉम्प्युटरच्या तासाला माझ्या ओळखीच्या मुलांना जे मिळतं त्याहून ते वरच्या दर्जाचं आहे.

ज्यांना हा खेळ ठाऊक नाही त्यांच्यासाठी थोडं सांगते. अमेरिकेत ओकलंडच्या टेकड्यांवर १९९१ साली मोठा वणवा पेटला, त्यात विल राइट या गेम बनवणाऱ्याचं घर जळालं. नव्याने संसार मांडताना माणसाला नेमकं काय काय लागतं, या विचारातून त्याला एका खेळाची कल्पना सुचली. २००० साली ‘द सिम्स’ आला. त्यात शत्रू नाही, गोळीबार नाही, शेवटची पातळी गाठायची नाही. घर बांधायचं, माणसं घडवायची, त्यांना कामावर पाठवायचं, त्यांची भूक, झोप, एकटेपण सांभाळायचं. चौथी आवृत्ती सप्टेंबर २०१४ मध्ये आली आणि ऑक्टोबर २०२२ पासून तिचा मूळ खेळ फुकट झाला; वरचे पॅक मात्र विकत घ्यावे लागतात.

खेळणाऱ्यांनी खेळात हात घालावा, ही या घराण्याची जुनी रीत. २००४ मध्ये ‘सिम्स २’ येण्याच्या काही महिने आधीच ‘बॉडी शॉप’ नावाचं साधन लोकांना देण्यात आलं. खेळ हातात पडण्याआधी त्यातले चेहरे आणि कपडे लोकांनी बनवायला घेतले होते. आज मॉड ढोबळमानाने दोन तऱ्हेचे. काही म्हणजे नुसत्या वस्तू, म्हणजे केस, कपडे, खुर्च्या, भांडी. खेळणारी मंडळी त्यांना ‘सीसी’ म्हणतात. काही मॉड खेळाचं वागणंच बदलतात. ‘एमसी कमांड सेंटर’ हा त्यातला नावाजलेला, तुम्ही ज्यांच्याकडे लक्ष देत नाही त्या शेजाऱ्यांचीही लग्नं आणि मुलंबाळं पुढे सरकवणारा.

मॉड लागतात ते हौसेपोटीच असं नाही. हा खेळ आला तेव्हा त्यात दुडुदुडु चालणारी मुलं नव्हती, ती जानेवारी २०१७ मध्ये आली. गडद त्वचेच्या छटा कितीतरी वर्षं थोड्या होत्या आणि निस्तेज दिसायच्या. डिसेंबर २०२० मध्ये शंभराहून अधिक नव्या छटा दिल्या गेल्या, पण तोवर ती उणीव मॉड करणाऱ्यांनी आपला वेळ घालून भरली होती. ऑक्टोबर २०२१ मध्ये मुंबईच्या फॅशन स्ट्रीटवरून बेतलेल्या कपड्यांचा एक किट निघाला, याचा मला मनापासून आनंद झाला. पण कराडच्या मुलीला खेळात आपल्या आजीसारखी नऊवारीतली आजी हवी असेल, तर ती बाहेर शोधावी लागते. नाहीतर ‘सिम्स ४ स्टुडिओ’ उघडून स्वतः बनवायला शिकावं लागतं. मला या दुसऱ्या वाटेने जाणाऱ्या मुलींचं फार कौतुक वाटतं.

मॉड बसवणं ऐकायला किरकोळ आहे. डॉक्युमेंट्स, त्यात इलेक्ट्रॉनिक आर्ट्स, त्यात द सिम्स ४, त्यात मॉड्स; फाइल तिथे ठेवायची. पण फोनवर वाढलेल्या मुलांनी फोल्डर कधी पाहिलेलाच नसतो. त्यांचा फोटो गॅलरीत असतो, गाणं ॲपमध्ये असतं, प्रोजेक्ट सरांनी पाठवलेल्या लिंकमध्ये असतो. फाइलला पत्ता असतो, ती इथून उचलून तिथे ठेवता येते, तिची प्रत काढता येते, हे बारावी झालेल्या मुलांनाही मला पहिल्यापासून सांगावं लागतं. मॉड बसवणारी नववीतली मुलगी ते आपणहून शिकलेली असते, कारण त्याशिवाय तिचं अडतं.

आणि अडतं अनेक ठिकाणी. झिप फाइल तशीच ठेवली तर उपयोग नाही, उघडून आतली पॅकेज फाइल बाहेर काढावी लागते. खेळाचं वागणं बदलणाऱ्या मॉडबरोबर अनेकदा स्क्रिप्ट फाइली येतात, त्यांचा नियम आणखी कडक आहे. मॉड्सच्या आत एकाच फोल्डरइतकी खोली त्यांना चालते, त्याखाली ठेवल्या तर खेळाला त्या दिसत नाहीत. साध्या पॅकेज फाइली मात्र पाच पायऱ्या खालपर्यंत वाचल्या जातात. त्यामुळे नवे केस दिसतात आणि नवा मेनू काही येत नाही. कोणती फाइल कुठल्या जातीची हे नावाच्या शेवटी लिहिलेलं असतं, पण विंडोज तो भाग लपवून ठेवतं. तो दिसेल अशी सेटिंग आधी करून घ्यावी. काही मशिनवर डॉक्युमेंट्सचा फोल्डर क्लाउडला जोडलेला असतो, मग दोन डॉक्युमेंट्स दिसतात आणि मॉड भलतीकडेच पडून राहतात. शिवाय खेळाच्या सेटिंगमध्ये दोन खुणा कराव्या लागतात, एक मॉड आणि कस्टम कंटेंटसाठी, दुसरी स्क्रिप्ट मॉडसाठी. प्रत्येक अपडेटनंतर खेळ स्वतःहून मॉड बंद करतो. ‘ताई, सगळे मॉड गेले’ असा घाबराघुबरा फोन आला की मी आधी विचारते, अपडेट कधी आलं?

अपडेटने मॉड का बिघडतात, हे मुलांना नीट समजावून सांगायला हवं. खेळातलं एकेक वागणं एकेका मजकुराच्या फाइलीत लिहिलेलं असतं. बरेच मॉड ती अख्खी फाइल बाजूला सारून आपली प्रत पुढे करतात. कंपनीने नव्या पॅचमध्ये मूळ फाइलीत चार ओळी वाढवल्या, की मॉडच्या जुन्या प्रतीत त्या ओळी नसतात आणि खेळ अडखळतो. मार्च २०२३ मध्ये तान्ही बाळं फुकट अपडेटमधून आली, तेव्हा पुष्कळ मॉड एकदम निकामी झाले. ते दुरुस्त करणारे आपापली नोकरी, कॉलेज सांभाळून ते करतात. अशा वेळी त्यांना घाईची आणि रागाची पत्रं लिहिणाऱ्यांचं मला वाईट वाटतं. दोन-चार दिवस मॉडशिवाय खेळावं.

आता बिघाड शोधण्याबद्दल. अकरावीतली एक मुलगी वडिलांबरोबर दुकानात आली होती. खेळातल्या माणसावर, म्हणजे सिमवर, क्लिक केलं की मेनू कोरा यायचा. वडिलांनी लॅपटॉप टेबलावर ठेवत सांगितलं, ‘फॉरमॅट मारा मॅडम, गेमच नको.’ मुलगी हळूच म्हणाली, ‘पप्पा, बाकी सगळं नीट चालतंय. फक्त गेममध्येच होतंय, आणि मॉड्स बाहेर काढले की होत नाही.’ मी वडिलांना म्हटलं, काका, तुमच्या मुलीने अर्धं काम घरीच उरकलंय.

मॉड्सचा फोल्डर डेस्कटॉपवर काढून पाहणं ही खरी पहिली पायरी. तरीही बिघाड राहिला तर दोष मॉडमध्ये नाही, मग मूळ खेळाची दुरुस्ती करून घ्यायची. बिघाड गेला तर मॉडच्या मागे लागायचं. आमच्याकडे घरात ट्रिप झालं की वायरमन एकेका खोलीची लाइन पाडून पाहतो. इथे एकेक नव्हे, अर्धे-अर्धे पाडतात. अर्धे मॉड परत ठेवा, जुना थंबनेल कॅश पुसा, खेळ सुरू करा, नवी वस्ती उघडून पाहा. बिघाड दिसला तर दोषी या अर्ध्यात, नाही तर त्या अर्ध्यात. मग त्या अर्ध्याचे पुन्हा अर्धे. एकशे अठ्ठावीस मॉड असतील तर सात फेऱ्यांत एकच फाइल उरते. हजार असतील तरी दहा फेऱ्या पुरतात. गणिताच्या वर्गात दोनाचे घात शिकवताना हे उदाहरण कुणी घेत नाही, याची मला खंत आहे.

पण त्या दिवशी हा हिशोब फसला. पहिला अर्धा भाग ठेवला, मेनू नीट. दुसरा ठेवला, मेनू नीट. दोन्ही ठेवले की कोरा. माझ्याकडे काम शिकायला येणारी मुलं इथे हात टेकतात आणि म्हणतात, आपोआप बरं झालं. ती मुलगी थोडा वेळ गप्प बसली आणि म्हणाली, ‘म्हणजे दोन आहेत. एक इकडे, एक तिकडे. एकत्र आले की भांडतात.’ अगदी बरोबर. दोन मॉड एकच फाइल बदलत असले तर एकेकटे निर्दोष दिसतात. मग रीत बदलायची. दुसरा भाग पूर्ण जागेवर ठेवायचा आणि पहिल्या भागाचेच अर्धे करत जायचं. पहिल्यातला एक सापडला, की त्याला जागेवर ठेवून दुसऱ्या भागाचे अर्धे करायचं. तिने ते स्वतः केलं, कागदावर फेऱ्या लिहीत, प्रत्येक फेरीत एकच बदल करत. एका वेळी एकच बदल, हे मी दुकानात शिकणाऱ्यांना ओरडून सांगते. तिला सांगावं लागलं नाही.

याखेरीज खेळ चुकला की डॉक्युमेंट्समधल्या ‘द सिम्स ४’च्या फोल्डरमध्ये ‘लास्ट एक्सेप्शन’ नावाची फाइल टाकतो. ती साध्या नोटपॅडमध्ये उघडते. वरवर अगम्य दिसते, पण ओळींच्या गर्दीत अनेकदा दोषी मॉडचं नाव सरळ वाचता येतं. ही फाइल न वाचता पुसणारा आणि ती उघडून पाहणारा, यांच्यात मला मोठा फरक दिसतो. पुढे बँकेत, कारखान्यात, दवाखान्यात मशिनने चूक दाखवली तर पहिला ‘ओके’ दाबून पुढे जाईल, दुसरा वाचेल.

पालकांची एक भीती मात्र अगदी रास्त आहे. स्क्रिप्ट मॉड म्हणजे पायथन भाषेत लिहिलेला प्रोग्राम. तो तुमच्या मशिनवर चालतो, आणि मनात आणलं तर खेळाबाहेरच्या फाइलींनाही हात लावू शकतो. २०२४ मध्ये काही सिम्स मॉडमध्ये पासवर्ड चोरणारा कोड लपवलेला सापडला. खेळाडूंमधल्याच मंडळींनी मग ‘मॉडगार्ड’ नावाचा पहारेकरी मॉड तयार केला. यावर उपाय बंदी हा नाही. मुलगा किंवा मुलगी मॉड उतरवून घेते तेव्हा शेजारी बसा आणि विचारा: हा कुणी बनवला, शेवटचा कधी बदलला, पॅकेज आहे की स्क्रिप्ट, नुसत्या केसांच्या मॉडबरोबर स्क्रिप्ट कशाला आली? ज्या लॅपटॉपवर घरातले बँकेचे व्यवहार होतात त्यावर अनोळखी स्क्रिप्ट चढवू नका. आणि क्रॅक केलेली कॉपी तर मुळीच नको. मॉडपेक्षा अशा क्रॅकमधून आलेले व्हायरस मी कितीतरी जास्त काढले आहेत. मूळ खेळ फुकट मिळत असताना तो धोका पत्करायचं काही कारण उरलेलं नाही. शिवाय ती कॉपी जुन्या आवृत्तीवर अडकते आणि नवे मॉड तिच्यावर चालत नाहीत.

शाळांकडे माझं एक मागणं आहे. आठवी-नववीच्या प्रात्यक्षिकात स्लाइडला रंग देणं आणि वर्डमध्ये अर्ज टाइप करणं याच्या जोडीला एक तास असा ठेवा, ज्यात मुलांना साठ-सत्तर फाइलींचा फोल्डर द्यायचा आणि सांगायचं की यातल्या एका फाइलीमुळे प्रोग्राम बंद पडतोय, शोधा. दुसऱ्या तासाला दोन फाइली एकमेकींशी भांडणाऱ्या द्यायच्या. मार्क उत्तराला नकोत, फेऱ्यांच्या नोंदींना द्या. यासाठी सिम्स लागत नाही, महागडं मशिन लागत नाही, इंटरनेटही लागत नाही. असा फोल्डर कराडच्या कोणत्याही शाळेला मी तयार करून देईन, आणि पहिला तास घ्यायलाही येईन.