माथ्यावरची स्वाती

सूर्यास्तापूर्वी जेवण उरकण्याचा नियम पाळणाऱ्या घराला उन्हाळ्याच्या संध्याकाळी एक गोष्ट आपोआप लाभते, ती म्हणजे मोकळा वेळ. दुकानाचा हिशेब मिटलेला असतो आणि झोपेला अजून दोन-अडीच तास असतात. फलटणसारख्या कोरड्या हवेच्या गावी हा वेळ गच्चीवर घालवण्याची रीत पूर्वी होती. आता दूरदर्शन संच आणि भ्रमणध्वनी यांनी ती बरीचशी मोडली आहे. तरीही महावीर जयंतीच्या रात्री आठ-साडेआठच्या सुमारास कोणी गच्चीवर गेलेच, तर पूर्वेला किंचित उत्तरेकडे एक केशरी तारा नुकताच वर आलेला दिसेल. तीच स्वाती.

तिच्याविषयी शंका राहू नये म्हणून एक जुनी खूण उपयोगी पडते. सप्तर्षींच्या शेपटीतील अंगिरस, वसिष्ठ आणि मरीची हे तीन तारे ज्या वळणाने मांडले आहेत, तेच वळण पुढे नेले की नजर स्वातीवर येते. आणखी पुढे नेले की चित्रेवर. चित्रा निळसर पांढरी, स्वाती केशरी. मे महिन्याच्या अखेरीस रात्री दहा-साडेदहाला स्वाती थेट डोक्यावर असते, आणि त्याच वेळी आग्नेयेला वृश्चिकातील तांबडी ज्येष्ठा वर चढत असते. दोघींचे रंग एकाच रात्री ताडून पाहावेत.

‘थेट डोक्यावर’ हे शब्द फलटणच्या बाबतीत जवळजवळ अक्षरशः खरे आहेत. हे गाव सुमारे १८ उत्तर अक्षांशावर वसले आहे आणि स्वातीचे स्थान आकाशाच्या विषुववृत्तापासून १९ अंशांहून थोडेसेच अधिक उत्तरेला आहे. म्हणजे ती फलटणच्या खस्वस्तिकापासून अवघ्या एका अंशाच्या अंतराने, उत्तरेकडून जाते. हे अंतरही कमी होत आहे. पृथ्वीच्या अक्षाच्या संथ भ्रमणामुळे आणि स्वातीच्या स्वतःच्या गतीमुळे ती दरवर्षी दक्षिणेकडे सरकते. आणखी सुमारे दोनशे वर्षांनी ती फलटणच्या नेमक्या माथ्यावरून जाईल आणि त्यानंतर येथील लोकांना माध्यान्हाच्या वेळी दक्षिण आकाशात दिसू लागेल.

ताऱ्यांना स्वतःची गती असते, हे कळले तेही स्वातीमुळेच. १७१८ साली एडमंड हॅले यांनी टॉलेमीच्या काळची नोंद आणि आपल्या काळची नोंद समोरासमोर ठेवली, तेव्हा स्वाती, व्याध आणि रोहिणी हे तारे जुन्या जागी नाहीत असे आढळले. कोणा पूर्वजाने काळजीपूर्वक लिहून ठेवलेली नोंद शतकांनंतर कामी येते, हे व्यापारी घराण्यांना वेगळे सांगायला नको. स्वाती वर्षाला सव्वादोन विकलांहून किंचित अधिक सरकते. आकडा क्षुल्लक वाटतो. पण भगवान महावीरांच्या निर्वाणानंतरच्या अडीच हजारांहून अधिक वर्षांत ती आजूबाजूच्या ताऱ्यांच्या तुलनेत पौर्णिमेच्या चंद्रबिंबाच्या तिप्पट अंतर चालून आली आहे.

निर्वाणाचा उल्लेख येथे सहज आलेला नाही. दिगंबर परंपरेच्या तिलोयपण्णत्तीत आणि श्वेतांबर परंपरेच्या कल्पसूत्रात अनेक तपशील वेगळे असले, तरी पावानगरीत प्रभूंचे निर्वाण झाले तेव्हा स्वाती नक्षत्र होते, याबाबत दोन्ही ग्रंथांचे एकमत आहे. येथे नक्षत्र म्हणजे चंद्राच्या मार्गाचा एक विभाग. त्याची खूण असलेला तारा त्या मार्गापासून बराच उत्तरेला, सुमारे तीस अंशांवर आहे. त्यामुळे चंद्र स्वाती नक्षत्रात असला तरी स्वातीच्या ताऱ्याजवळ कधीच येत नाही. दिवाळीत तर सूर्यही त्याच विभागात असल्याने तारा संधिप्रकाशात बुडालेला असतो. ज्या पहाटे निर्वाणलाडू चढवला जातो, त्या पहाटे स्वाती पाहू म्हटले तर फारसे काही हाती लागत नाही. तिच्यासाठी जन्मकल्याणकाची रात्रच बरी.

आता घरोघरच्या अडचणीचा प्रश्न. तत्त्वार्थसूत्राच्या टीकांनुसार ज्योतिष्क देवांची विमाने समभूमीपासून ७९० ते ९०० योजनांच्या पट्ट्यात आहेत आणि नक्षत्रांत स्वाती सर्वांत वरून जाणारी आहे. शाळेच्या पुस्तकांप्रमाणे मात्र हाच तारा सुमारे ३७ प्रकाशवर्षे दूर, सूर्याच्या पंचवीसपट व्यासाचा आणि सुमारे १७० पट तेजस्वी ठरतो. त्याच्या गाभ्यातील हायड्रोजन संपून तो फुगला आहे, पृष्ठभाग सूर्यापेक्षा थंड झाला आहे, म्हणून रंग केशरी. सूर्यावरही काही अब्ज वर्षांनी हीच वेळ येणार आहे. पाठशाळेतून आणि शाळेतून एकाच दिवशी परतलेले मूल विचारते, यांतले खरे कोणते? काही घरांत मुलाला गप्प केले जाते, काही घरांत ग्रंथ कपाटात जातो. योजनांना कसल्याशा संख्येने गुणून प्रकाशवर्षांशी मेळ घालून दाखवणारी व्याख्यानेही होतात. हा तिसरा मार्ग सर्वांत वाईट. दोन स्वतंत्र वह्यांतील रकमा ओढूनताणून जुळवणाऱ्या मुनिमाला कोणतीही पेढी ठेवून घेत नाही. आगमकारांनी ज्या हेतूने लोकाची रचना सांगितली तो हेतू मुलाला सांगावा, दुर्बिणीने जे मोजले तेही सांगावे, आणि दोन्हींतील अंतर तसेच मोकळे ठेवावे.

आचार्य वीरसेन स्वामींनी धवला टीकेत मतभेदांच्या बाबतीत अशीच सावधगिरी बाळगलेली दिसते. निर्वाण आणि शकारंभ यांतील ६०५ वर्षे ५ महिन्यांचे अंतर त्यांनी नोंदवले, पण त्याविषयीची इतर मतेही दडवली नाहीत. आजही दिवाळीनंतर चालू शकात ६०५ मिळवले की वीर निर्वाण संवत मिळतो. नव्या वहीच्या पहिल्या पानावर तो याच हिशेबाने येतो. धवलेच्या प्रशस्तीत ग्रंथसमाप्तीच्या वेळची ग्रहस्थितीही दिली आहे. तिच्यावरून डॉ. हीरालाल जैन यांनी तो काळ इ. स. ८१६ ठरवला; काही अभ्यासकांना ७८० अधिक योग्य वाटते.

हाच सिद्धांतग्रंथ आज ताम्रपटांवर कोरलेल्या रूपात फलटणला आहे. ताडपत्रांना कीड लागून महाबंधाचा काही भाग नष्ट झाल्याचे कळल्यावर चारित्रचक्रवर्ती आचार्य शांतिसागर महाराजांना मोठी तळमळ लागली आणि त्यांच्या प्रेरणेने हे काम झाले. दर्शनाला मुलांना नेणाऱ्यांनी त्यांना एवढे अवश्य सांगावे, की या तांब्यात त्या काळचे आकाशही नोंदलेले आहे.

शिकागोत १९३३ साली भरलेल्या जागतिक प्रदर्शनाचे दिवे स्वातीच्या प्रकाशाने पेटवले गेले. तेथील १८९३च्या प्रदर्शनाच्या सुमारास निघालेला प्रकाश चाळीस वर्षांनी पोहोचतो, असा तेव्हाचा अंदाज होता. पुढे मोजणी सुधारली आणि अंतर ३७ प्रकाशवर्षांच्या जवळ आले. येत्या चैत्रात गच्चीवर उभ्या राहणाऱ्या आजोबांच्या डोळ्यांत जो किरण शिरेल, तो निघाला तेव्हा ते कदाचित स्वतःच्या मुलाला पहिल्यांदा दुकानाच्या गादीवर बसवत असतील. शेजारी उभ्या असलेल्या नातवाच्या डोळ्यांत तोच प्रकाश त्याच क्षणी शिरेल.