महाघळईंतील साहसकथा आणि सत्याची चाड

साहसकथा वाचतांना ‘हें खरोखरच असें घडलें काय?’ असा प्रश्न विचारणें हें अरसिकपणाचें लक्षण होय, असें एक मत आमच्या सुशिक्षित वाचकवर्गांत दिवसेंदिवस रूढ होत चाललें आहे. अंगावर कांटा उभा राहिला कीं लेखकाचें काम झालें. मग तारखा, माणसें आणि स्थळें यांचा हिशेब मागण्याचा वाचकास अधिकार काय, असें हे रसिक विचारतात. कल्पित कादंबरीपुरतें हें म्हणणें आम्हांस सर्वस्वीं मान्य आहे. रायडर हॅगार्डकडे कोणीं नकाशा मागूं नये. परंतु जो ग्रंथकार ‘मी गेलों, मीं पाहिलें, माझ्याबरोबर हीं माणसें होतीं’ असें सांगून आमचा विश्वास संपादन करतो, त्यालाही हीच सवलत द्यावी, हें आम्हांस मुळींच पटत नाहीं. कां पटत नाहीं, हें सांगण्यास कोलोरॅडो नदीच्या महाघळईवरील वाङ्मयासारखें दुसरें उदाहरण सांपडणें कठीण.

अमेरिकेच्या ॲरिझोना संस्थानांत ही घळई २७७ मैल लांब पसरली असून तिची खोली मैलाहूनही अधिक भरते. १५४० सालीं होपी वाटाड्यांनीं कार्डेनास या स्पॅनिश सरदाराच्या तुकडीस तिच्या कांठावर आणून उभें केलें. तीन दिवस खटपट करूनही त्या तुकडीस पाण्यापर्यंत उतरतां आलें नाहीं. १८५८ सालीं लेफ्टनंट आइव्ह्ज तेथें जाऊन आला आणि या निरुपयोगी प्रदेशास भेट देणारे गोरे लोक म्हणजे आपण पहिले व बहुधा शेवटचेच, असा अभिप्राय त्यानें सरकारी अहवालांत नोंदविला. आज तेथें दरसाल लक्षावधि प्रवासी जातात. भविष्य वर्तविण्यांत लष्करी अधिकारी आमच्या ज्योतिष्यांहून फारसे कुशल नसतात, एवढेंच यावरून दिसतें.

या घळईंतून नदीच्या ओघाबरोबर प्रथम पार झालेला म्हणून ज्याची कीर्ति आहे तो मेजर जॉन वेस्ली पॉवेल. हा भूस्तरशास्त्राचा प्राध्यापक. १८६२ सालच्या शायलोच्या लढाईंत त्याचा उजवा हात कोपराखालून गेला होता. २४ मे १८६९ रोजीं वायोमिंगमधील ग्रीन रिव्हर स्टेशनाहून नऊ सोबती, चार होड्या व दहा महिन्यांचा शिधा घेऊन तो निघाला. पंधरवडा उलटतो न उलटतो तोंच लोडोरच्या घळईंत एक होडी खडकावर आपटून फुटली व तिजवरील शिधा बुडाला. जुलै महिन्यांत एक सोबती परत फिरला. ऑगस्टअखेर उरलें होतें तें बुरसटलेलें पीठ, थोडीं वाळवलेलीं सफरचंदें आणि कॉफी. २८ ऑगस्ट रोजीं खडकांवरून फेसाळत धांवणारा एक भयंकर खळाळ पुढें दिसला, तेव्हां ओरॅमेल व सेनेका हे हाउलंड बंधु आणि विल्यम डन या तिघांनीं होडींत बसण्याचें नाकारलें व कडा चढून जाण्याचा मार्ग पत्करला. बाकीचे सहाजण दोन होड्यांतून खळाळ उतरले. दुसऱ्याच दिवशीं घळई संपली. ३० ऑगस्टला व्हर्जिन नदीच्या मुखापाशीं त्यांना कांहीं मॉर्मन लोक मासे धरीत असलेले भेटले. वाहून येणाऱ्या फळ्या किंवा प्रेतें दिसल्यास पाहण्याची त्या लोकांस आधींच सूचना मिळाली होती! वर चढून गेलेले तिघे मात्र पठारावर मारले गेले. पायूट जमातीच्या लोकांनीं गैरसमजानें त्यांस मारलें, असें पॉवेलास पुढल्या वर्षीं सांगण्यांत आलें. पुढें यावर इतरही तर्क पुष्कळ लढविले गेले, परंतु त्यांचीं प्रेतें कधींच सांपडलीं नाहींत.

या हकीकतींत कादंबरीकारानें भर घालावी असें उणें तें काय आहे? तरीही पॉवेलास ती भर घालावीशी वाटली. १८७५ सालीं प्रसिद्ध झालेला त्याचा ग्रंथ दैनंदिनीच्या रूपांत, वर्तमानकाळीं लिहिलेला आहे. जणूं होडी डोलते आहे व ग्रंथकर्ता एका हातानें लिहितो आहे! गद्य म्हणून त्याची योग्यता आम्ही कमी लेखीत नाहीं. खडकांच्या थरांचे रंग आणि भिंतींमध्यें घुमणारा पाण्याचा आवाज त्यानें असा उभा केला आहे कीं, इंग्रजी प्रवासवर्णनांत त्याच्या तोडीचीं पानें थोडींच निघतील. परंतु प्रवासांत त्यानें प्रत्यक्ष ठेवलेली दैनंदिनी अगदीं त्रोटक आहे. छापलेली ‘दैनंदिनी’ काहीं वर्षांनीं सावकाशीनें रचलेली आहे. शिवाय १८७१–७२ सालीं पॉवेलनें दुसरी सफर केली, तींतील कांहीं प्रसंग व त्या वेळीं ठेवलेलीं स्थळनांवें पहिल्या सफरीच्या तारखांखालीं घातलीं आहेत. एका कड्यावर पॉवेल अडकला असतां ब्रॅडली नांवाच्या सोबत्यानें आपली विजार काढून ती दोरासारखी खालीं सोडली व त्यास वर घेतलें, हा प्रसिद्ध प्रसंग खरा आहे. पण ग्रंथांतील त्याची तारीख व जागा ब्रॅडलीच्या स्वतःच्या टिपणाशीं जुळत नाहीं.

तारीख चुकली म्हणून काय बिघडलें, असें आमचे रसिक म्हणतील. तारखेचें आम्ही सोडून देऊं. माणसांचें काय? दुसऱ्या सफरींत ज्यांनीं होड्या वल्हविल्या, त्या खलाश्यांना या प्रवासवर्णनांत जागाच नाहीं. त्यांचे श्रम घेतले, नांवें गाळलीं. त्यांपैकीं फ्रेडरिक डेलनबॉ हा सतरा वर्षांचा मुलगा होता. त्याला स्वतःच १९०८ सालीं ग्रंथ लिहून आपल्या सफरीची हकीकत जगास सांगावी लागली. आणि दैवदुर्विलास पहा! हाउलंड बंधु व डन यांना पळपुटे ठरविण्यांत पुढें अग्रभागीं होता तो हाच डेलनबॉ. खुद्द पॉवेलनें त्या तिघांच्या निरोपाचा प्रसंग हळुवारपणें रंगविला आहे. आपण बरोबर व दुसरे मरणाच्या वाटेवर, असें दोन्ही बाजूंस वाटत होतें, असें तो सांगतो. परंतु एका नायकाची कथा एकदां मनांत ठसली म्हणजे अनुयायांस पदरच्या कल्पनेनें खलनायक हवासा वाटूं लागतो. १९१८ सालीं घळईच्या दक्षिण कांठावर पॉवेलचें स्मारक झालें, त्यावरील नामावळींत या तिघांचीं नांवें कोरलीं नाहींत. तीन महिने ज्यांनीं तीच नदी, तेंच कुजकें अन्न आणि तोच मृत्यु सोसला, ते केवळ शेवटच्या दोन दिवसांमुळें माणसांतून उठले. रॉबर्ट ब्रूस्टर स्टँटन या इंजिनीयरानें या सर्व प्रकरणाची छाननी करून लिहिलेला ग्रंथ त्याच्या मरणानंतर १९३२ सालीं बाहेर आला. तो वाचावयास रुक्ष आहे, हें आम्ही नाकबूल करीत नाहीं. वकिलाचा कागद रुक्षच असतो.

दुसरा आक्षेप याहून खोल जातो. या सर्व साहसवाङ्मयाचा प्राण म्हणजे ‘येथें पूर्वीं कोणी आलें नव्हतें’ हा उद्गार. आतां पॉवेलच्याच ग्रंथांत ऑगस्टच्या शेवटच्या आठवड्यांतील एक प्रसंग पहा. उपाशी मंडळीस नदीकांठीं एका इंडियन कुटुंबाचा मळा दिसला. मका अजून कोंवळा होता, पण भोपळे तयार होते. धनी जवळ नाहीं असें पाहून मंडळीनें ते उचलले, पळ काढला आणि पुढें जाऊन शिजवून खाल्ले. पॉवेल हें सांगतो, लपवीत नाहीं, याबद्दल त्यास श्रेय दिलें पाहिजे. परंतु अज्ञात, निर्मनुष्य प्रदेशाचा शोध लावणारे वीर ज्या भोपळ्यांवर तगले, ते कोणाच्या तरी परसांतले होते! हुआलापाई व हावासुपाई लोक आजही त्या प्रदेशांत राहतात. कथाकारांनीं त्यांना बहुधा वाटाडे, चोर किंवा देखाव्याचा भाग एवढींच पात्रें दिलीं.

या ‘अस्पर्श’ भूमीच्या हौसेची परमावधि १९३७ सालीं झाली. घळईंतील कांहीं उत्तुंग शिखरांचे आकार पौर्वात्य देवालयांसारखे भासल्यामुळें क्लॅरेन्स डटन या भूस्तरशास्त्रज्ञानें त्यांस विष्णुमंदिर, शिवमंदिर अशीं नांवें दिलीं. (हें वाचून आमच्या कांहीं मित्रांस मोठा अभिमान वाटतो. डटनला शिखरांना भव्य नांवें हवीं होतीं, वेदान्त नको होता.) या शिवमंदिराच्या माथ्यावरील सपाट रानांत हजारों वर्षें अलग पडलेले प्राणी निराळे झाले असतील काय, हें पाहण्यास न्यूयॉर्कच्या निसर्गेतिहास-संग्रहालयाची तुकडी हॅरल्ड अँथनी याच्या नेतृत्वाखालीं वर चढली. प्रश्न शास्त्रीय व साधा होता. पण १९१२ सालीं प्रसिद्ध झालेली कॉनन डॉइलची ‘लॉस्ट वर्ल्ड’ कादंबरी वृत्तपत्रकारांच्या डोक्यांत भिनलेली. त्यांनीं प्रचंड सरड्यांच्या गोष्टी छापण्यास आरंभ केला. वर सांपडलें काय? खालीं असतात तसलेच उंदीर व खारी, आणि पूर्वींच्या इंडियन लोकांच्या वावराच्या खुणा. शिवाय, त्या घळईच्या कांठींच राहणारा छायाचित्रकार एमरी कोल्ब हा शास्त्रज्ञांच्या आधींच तेथें चढून फिल्मच्या रिकाम्या पेट्या टाकून आला होता! आमच्या मतें अस्पर्श भूमीच्या वाङ्मयावर याहून मार्मिक टीका कोणत्याही समीक्षकानें लिहिलेली नाहीं.

मग या घळईवर वाचावें तरी काय? ब्रॅडलीनें १८६९ च्या सफरींत सर्वांच्या नकळत रोज टिपण ठेवलें होतें; तें १९४७ सालीं छापलें गेलें. त्यांत तो कुरकुरतो, भुकेबद्दल तक्रार करतो, पुढाऱ्यावर चिडतो, आणि दुसऱ्या दिवशीं सकाळीं पुन्हां वल्हें हातीं घेतो. पॉवेलच्या पानांतला भव्यपणा तेथें औषधालाही नाहीं. भीति मात्र खरी आहे. एल्झाडा क्लोव्हर व लोइस जॉटर या दोन वनस्पतिशास्त्रज्ञ बायांनीं १९३८ सालीं हीच नदी उतरून पार केली. वृत्तपत्रांस त्या स्त्रिया आहेत एवढेंच दिसलें. त्यांनीं भर प्रवासांत गोळा केलेल्या वनस्पतींवरील लेख १९४४ सालीं शास्त्रीय मासिकांत आला, तो कितीजणांनीं उघडला असेल?

पॉवेलच्या कैवाऱ्यांचा एक मुद्दा मात्र विचारार्ह आहे. त्याला सर्वेक्षणासाठीं सरकारकडून पैसा हवा होता, आणि दोन सफरींची गुंतागुंत सांगण्यापेक्षां एकच सुबक कथा अधिक परिणामकारक होती, असें ते म्हणतात. असेल. या पैशानें चांगलें काम झालें, हेंही खरें. परंतु सुबकतेची किंमत पॉवेलनें स्वतः दिली नाहीं. ती ज्यांनीं दिली त्यांना कोणीं विचारलें नव्हतें. प्रस्तावनेंत दोन ओळी लिहून दुसऱ्या सफरीचा व तींतील माणसांचा उल्लेख केला असता, तर ग्रंथाची गोडी कणभरही उतरली नसती.

ज्या खळाळाशीं ते तिघे वेगळे झाले, तो पुढें हूव्हर धरणाच्या तलावांत बुडाला. तो खरोखर किती भयंकर होता आणि होडी नाकारणारे भित्रे होते कीं शहाणे, याचा निवाडा तेथें उभें राहून करण्याची सोय तेव्हां संपली. १९३९ सालीं त्या जागेच्या कांठावर एक धातूची पाटी बसविण्यांत आली. तींत तिघांचींही नांवें आहेत.