आधी आकडा बघा, मग रॅम विका

गेल्या दिवाळीपासून रॅमच्या भावाने जो उच्छाद मांडला आहे तो या मासिकाच्या वाचकांना वेगळा सांगायला नको. सकाळी फोनवर घेतलेला दर संध्याकाळी माल उचलताना मिळेल याची खात्री नाही. कारण जगजाहीर आहे. डीरॅमचा जगभरचा बहुतेक पुरवठा सॅमसंग, एसके हायनिक्स आणि मायक्रॉन या तिघांच्या हातात, आणि तिघांचाही ओढा आता एआयच्या डेटा सेंटरना लागणाऱ्या एचबीएम मेमरीकडे. ३ डिसेंबर २०२५ रोजी मायक्रॉनने ‘क्रूशियल’ या नावाने चालणारा किरकोळ ग्राहकांचा धंदाच बंद करत असल्याचे जाहीर केले, तेव्हा उरलीसुरली आशाही संपली. त्याच्या आधी १४ ऑक्टोबरला विंडोज १० चा आधार संपला होता. जुनी मशिने विंडोज ११ वर नेऊन झाल्यावर ती धापा टाकू लागली आणि त्यासाठीही रॅमची मागणी आली, ते वेगळेच.

अशा दिवसांत आमच्याकडे येणारी पत्रे भावाबद्दल असतील असे वाटले होते. निम्म्याहून अधिक पत्रांचा सूर मात्र निराळा आहे: ‘गिऱ्हाइकाने महागाची रॅम टाकून घेतली, गेम होता तसाच अडकतो, आता ते आमच्या दारात येऊन भांडते.’ आणि गेम बहुतेक वेळा एकच. मायनक्राफ्ट.

धानोऱ्याहून आलेले पत्र त्यातले सगळ्यात सविस्तर आहे. (हे नंदुरबार जिल्ह्यातले धानोरा. गडचिरोलीतले किंवा चोपडा तालुक्यातले नव्हे. कुरिअरवाले करतात ती गफलत वाचकांनी करू नये.) पत्रलेखक गावात मोबाइल आणि संगणक दुरुस्ती करतात. त्यांच्याकडे आलेले मशीन असे: दहाव्या पिढीचा आय-३, वेगळे ग्राफिक कार्ड नाही, मुळात आठ जीबीची २६६६ ची एकच स्टिक. घरातला मुलगा मायनक्राफ्टची जावा आवृत्ती शंभरेक मॉड टाकून खेळणारा. खेळता खेळता दर थोड्या वेळाने चित्र जागच्या जागी गोठायचे. बाहेरगावच्या एका दुकानात दाखवले, तर ‘रॅम कमी पडते, सोळा करून घ्या’ असा निकाल मिळाला. मिरचीची पट्टी हातात आली तशी वडिलांनी दुसरी आठ जीबीची स्टिक टाकून घेतली. गेम आधीपेक्षा जलद फिरू लागला, पण झटके जिथल्या तिथे.

आपल्या पत्रलेखकाने काय केले? लॉन्चर उघडला, इन्स्टॉलेशनच्या ‘एडिट’मध्ये जाऊन ‘मोअर ऑप्शन्स’ खालची जेव्हीएमची ओळ वाचली. तिथे ‘एक्सएमएक्स २जी’ असे जसेच्या तसे उभे होते. मशीनमध्ये सोळा जीबी, आणि गेमला परवानगी दोनाचीच. त्यांनी ते पाच केले. झटके गेले. मग वडिलांनी विचारले, ‘एवढंच होतं तर त्यांनी आधी स्टिक कशाला विकली?’ या प्रश्नाला आमच्याकडेही उत्तर नाही.

त्या दुकानदाराने टाकलेली स्टिक अगदीच वाया गेली असे म्हणता येणार नाही, आणि गोम नेमकी इथेच आहे. एका स्टिकवर २६६६ ची मेमरी सेकंदाला जास्तीत जास्त २१.३ जीबी माहिती नेते. जोडीची स्टिक आली की ड्युअल चॅनल सुरू होऊन तीच क्षमता ४२.६ जीबी होते. प्रोसेसरमधले ग्राफिक्स मुख्य मेमरीवरच जगत असल्यामुळे सरासरी फ्रेम वाढतात. गिऱ्हाइकाला काउंटरवर दोन मिनिटे चालवून दाखवले की ते खूश होते, दुकानदारही खूश. झटका येतो तो घरी, अर्ध्या तासाने, मॉडनी हीप, म्हणजे गेमला दिलेली जावाची मेमरी, भरत आणल्यावर. दोन जीबीच्या हीपमध्ये दीडपावणेदोन जीबी कायमची अडकलेली असली की गार्बेज कलेक्टरला सारखी झाडलोट करावी लागते, आणि शेवटी सगळे थांबवून पूर्ण झाडू मारावा लागतो. तेच ते गोठणे. सरासरी फ्रेम आणि झटके ही दोन वेगळी दुखणी आहेत. आपल्यातले कित्येक जण अजून दोन्हींवर एकच औषध देतात.

उलट्या टोकाची पत्रेही आहेत. आठ जीबीच्या मशीनवर ‘एक्सएमएक्स ८जी’ टाकून ठेवणारे! कोणत्या तरी व्हिडिओत बत्तीस जीबीच्या मशीनवाल्याने ओळ दाखवली, ती उतरवून घेतली. हीप म्हणजे सगळी प्रोसेस नव्हे. मेटास्पेस, थ्रेड, ग्राफिक्सचे डायरेक्ट बफर हे सगळे हीपच्या बाहेर बसते. चार जीबीचा हीप दिलेली जावा मॉडसकट टास्क मॅनेजरमध्ये सहज पाचच्या पुढे जाते. विंडोज ११ आणि एक ब्राउझर मिळून बरीच मेमरी खाऊन बसतात. प्रोसेसरमधले ग्राफिक्स आपला वाटा उचलते. मग आठातून आठ कुठून आणणार? पेजफाइलवर जाणे आले, आणि मशीनमध्ये अजून जुनी फिरती हार्ड डिस्क असेल तर सेकंद-सेकंदभर खोळंबा ठरलेला. आठ जीबीच्या मशीनवर चाराच्या वर जाऊ नये. बिनमॉडच्या गेमला दोन ते तीन पुरतात. मोठे मॉडपॅक सहा-आठ मागतात, पण ते सोळाच्या मशीनवर.

आणखी एक जुने दुखणे अजून जिवंत आहे, म्हणून एका ओळीत: स्वतंत्र लॉन्चर वापरणाऱ्या जुन्या मशीनवर ३२ बिटची जावा बसलेली असेल तर दीड जीबीच्या आसपासच गाडी अडते, मग रॅम सोळा टाका की चौसष्ट. आधी जावा बदला. १.२०.५ पासून पुढे निदान जावा २१ लागते, हे तर आता पाठ व्हायला हवे.

मोजायचे कसे, हेही पुन्हा सांगावे लागते याचा थोडा रागच येतो. एफ-३ दाबा. उजवीकडे वरती मेमरीची टक्केवारी आणि ‘इतके / तितके एमबी’ दिसते. गेममध्ये दहा-पंधरा मिनिटे हिंडा, मग एका जागी उभे राहून तो आकडा चढताना आणि पडताना बघा. पाच-सात वेळा पडू द्या. पडल्यावर तो कुठे येऊन टेकतो, तो तळ टिपून घ्या. तळच ऐंशी टक्क्यांच्या वर असेल तर हीप खरोखर अपुरा आहे, वाढवा. तळ चाळीस-पन्नासला असेल तर हीप वाढवून काही होणार नाही. दुखणे दुसरीकडे आहे, बहुधा रेंडर डिस्टन्समध्ये. आठवर २८९ चंक धरले जातात, बारावर ६२५ आणि सोळावर १,०८९. मुलाने सोळा करून ठेवले असेल तर ते दहावर आणणे म्हणजे फुकटातला इलाज. सोडियम आणि फेराइटकोर हे मॉड टाकून बघा, दुसरा खास मेमरी वाचवण्यासाठीच आहे. लॉन्चरच्या ‘एक्सएमएक्स २जी’वाल्या मूळ ओळीत कलेक्टरच्या विरामाचे लक्ष्य ५० मिलिसेकंद ठेवलेले असते. साठ फ्रेमच्या खेळात एका फ्रेमला १६.७ मिलिसेकंद मिळतात, म्हणजे तेवढ्या विरामातही तीन फ्रेम जातात. झेडजीसी या दुसऱ्या कलेक्टरने हे विराम एका मिलिसेकंदाच्या आत येतात हे खरे, पण तो प्रोसेसर आणि मेमरी दोन्ही जास्त मागतो. आठ जीबीच्या आय-३ वर तो लावून ‘जादू झाली’ म्हणणाऱ्यांनी आधीचे-नंतरचे आकडे दाखवावेत.

आणि मे महिन्यात नंदुरबार-शहाद्याकडे पत्र्याच्या खोलीतल्या मशीनवर हे प्रयोग करण्याआधी पंखा आणि हीटसिंक साफ करा. तापलेला प्रोसेसर वेग उतरवतो, आणि दोष रॅमवर येतो.

आता सरकारी कारभाराकडे. एका वाचकाचे पत्र आम्ही दोनदा वाचले, कारण पहिल्यांदा खरे वाटेना. एका शाळेच्या लॅबमध्ये मायनक्राफ्टची शिक्षण आवृत्ती चालेना म्हणून त्यांना बोलावले. वरच्या कार्यालयाचे पत्र आधीच येऊन पडले होते: ‘जावा मेमरी वाढवून दाखला सादर करावा.’ शिक्षण आवृत्ती जावावर चालतच नाही. ती बेडरॉक घराण्यातली, सी प्लस प्लसमध्ये लिहिलेली आहे. तिथे एक्सएमएक्सची ओळ नाही आणि वाढवायला हीपही नाही. आमच्या वाचकाने हे साध्या भाषेत लिहून दिले, आणि जे करायला हवे होते ते केले: एकाच मशीनवर शेजारी शेजारी बसलेले दोन अँटिव्हायरस, त्यातला एक काढला. सुरुवातीलाच उघडणारे डझनभर प्रोग्रॅम बंद केले. बायोसमध्ये ग्राफिक्ससाठी राखून ठेवलेली मेमरी मशीनच्या ऐपतीप्रमाणे बसवली. रेंडर डिस्टन्स खाली आणला. लॅब चालू लागली, मुले खेळू लागली. खेळू म्हणजे शिकू, असे अहवालात लिहावे लागते.

बिल गेले आणि परत आले. शेरा: ‘कोणता सुटा भाग बसवला ते नमूद नाही. जुना भाग जमा केल्याची डेडस्टॉक रजिस्टरला नोंद नाही.’ भाग बसवलाच नाही तर जुना जमा काय करायचा? त्यांनी तसे कळवले. दुसरा शेरा: ‘भाग न बदलता दुरुस्ती झाल्यास दुरुस्तीची आवश्यकता सिद्ध होत नाही.’ सहा मशिनांवर दिवसभर केलेले काम कागदावर झालेच नाही. पुढच्या खेपेला तिथल्याच एका कर्मचाऱ्याने त्यांना खासगीत सल्ला दिला: दोन स्टिक लावा, जुन्या जमा करा, बिल त्याच दिवशी निघेल. म्हणजे ज्या मशिनांना रॅमची गरज नाही त्यांना आजच्या भावात रॅम, आणि चालू स्थितीतल्या जुन्या स्टिक निर्लेखनाची वाट बघत कपाटात. शाळेच्या खडूला पैसे नसताना.

या कार्यालयांना आम्ही एवढेच सांगतो की दुरुस्तीच्या फॉर्ममध्ये ‘सेटिंग व तपासणी’ असा एक रकाना वाढवायला शासन निर्णय लागत नाही, छापखान्यात एक रेघ वाढवावी लागते. जिल्ह्याच्या पातळीवर ज्यांना हे जमण्यासारखे आहे त्यांनी ते या उन्हाळ्याच्या सुट्टीत करावे, जूनमध्ये लॅब उघडण्याआधी.

पण कार्यालयाला नावे ठेवताना आपल्या काउंटरकडेही बघू या. सुटा भाग दिसला तरच पैसे, ही समजूत गिऱ्हाइकाच्या डोक्यात कोणी भरली? ‘चेकिंग फ्री’ची पाटी आपणच लावली. विंडोज टाकायचे तेवढे पैसे घेतले आणि दोन तास डोके लावून शोधलेला दोष ‘राहू द्या साहेब’ म्हणून फुकट दिला. मग पोट भरायला स्टिकवरच्या नफ्याशिवाय उरले काय? रॅम स्वस्त होती तोवर हे खपले. हजार-पंधराशेत आठ जीबी मिळायची तेव्हा कोणी हिशेब विचारला नाही. आता तीच स्टिक कुटुंबाच्या महिन्याच्या किराण्याला भिडते, तेव्हा गिऱ्हाईक विचारणारच, आणि त्याने विचारलेच पाहिजे. धानोऱ्याच्या आपल्या बांधवाने हीप बदलायचे किती घेतले, ते पत्रात लिहिलेले नाही. काहीच घेतले नसावे असा आमचा दाट संशय आहे.

तेव्हा मित्रहो, पाटी उतरवा. तपासणीचे पैसे लावा, ते बिलावर वेगळ्या ओळीत लिहा, आणि त्याच ओळीत काय मोजले तेही लिहा: हीप किती होता, तळ किती टक्क्यांवर होता, काय बदलले, बदलल्यावर तळ किती. गिऱ्हाइकासमोर एफ-३ दाबून मोबाइलवर आधीचा आणि नंतरचा फोटो काढा. रॅम खरोखर लागत असेल तर जरूर विका, लागते ते दाखवून विका. आणि या भाववाढीच्या काळात तुमच्या हातून गरज नसलेली स्टिक कोणाच्या मशीनमध्ये गेली असेल तर बोलावून घ्या, परत घ्या. आज ती विकत घेतली त्याहून जास्त किमतीला दुसरीकडे जाईल, त्यात तुमचे नुकसानही नाही.

पुढच्या अंकात आम्ही मशीनवार तक्ता छापणार आहोत: प्रोसेसर, रॅम, स्टिक एक की दोन, विंडोजची आवृत्ती, मॉड किती, आधीचा हीप, नंतरचा हीप आणि दोन्ही वेळचा तळ. शहरातल्या गेमिंग मशीनचे आकडे इंटरनेटवर ढिगाने पडलेले आहेत, आम्हाला ते नकोत. आठ जीबीवाली, बिनकार्डाची, तालुक्याच्या गावातली आणि पाड्यावरची मशिने हवीत. प्रत्येक दुरुस्ती केंद्राने निदान एका मशीनचे आकडे फोटोसह येत्या महिन्याच्या १० तारखेपर्यंत पाठवावेत. गिऱ्हाइकाचे नाव, पत्ता, फोन नंबर काही पाठवू नये.